आईचे रफूकाम

(शाळेच्या हीरक महोत्सवानिमित्त भरलेल्या माजी विद्यार्थी व पालक मेळाव्यातील व्याख्यान)



संयोजकांनी मला विषय दिला तो 'कला आणि आई' असा. मराठी माणसाला आईवर बोलायला उभे केले की त्याचा कंठ दाटून येतो आणि पहिल्या पाच मिनिटांत आई देवघरात जाऊन बसते. एकदा ती तिथे बसली की तिच्याविषयी बोलण्यासारखे फारसे उरत नाही. नमस्कार तेवढा करायचा राहतो. म्हणून मी थोडी आडवाट धरणार आहे. जिने आपल्या आईची देवी केली नाही, चक्क आठ पायांचा कोळी केला, अशा एका शिल्पकर्तीविषयी मी आज बोलणार आहे. तिचे नाव लुईझ बूर्ज्वा. जन्म पॅरिस, २५ डिसेंबर १९११. मृत्यू न्यूयॉर्क, ३१ मे २०१०. अठ्ठ्याण्णव वर्षांचे आयुष्य, आणि अखेरच्या दिवसांपर्यंत हात कामात.

बडोद्याच्या श्रोत्यांना चित्रकार-शिल्पकार परके नाहीत. १९५० पासून आपल्या शहरात ललितकला विद्याशाखा आहे. खांद्याला झोळी लावलेली, बोटांना रंग लागलेली मुले आपण रस्त्यात नेहमी पाहतो. माझे काम मात्र जुन्या वस्त्रांच्या जतनाचे. शालू, पैठण्या, पटोळे, देवळांतले पडदे, यांची झीज कशी थांबवायची हे पाहणे हा माझा रोजचा उद्योग. त्यामुळे बूर्ज्वाबाईंकडे मी गेले ती शिल्पकलेच्या दारातून नाही, रफूच्या दारातून. आणि हेच दार मुख्य आहे, असे माझे मत आहे.

लुईझच्या आईचे नाव जोझेफिन. तिचे माहेर ओब्यूसाँचे. हे फ्रान्समधले गाव टॅपेस्ट्रीसाठी, म्हणजे भिंतीवर लावण्याच्या विणलेल्या चित्रपडद्यांसाठी, काही शतके प्रसिद्ध आहे. टॅपेस्ट्रीवर चित्र काढलेले नसते, भरतकामही नसते. चित्र मागावरच विणले जाते. रंगीत आडवा धागा उभ्या धाग्याला पूर्ण झाकून टाकतो, आणि त्या आडव्या धाग्यांच्याच रंगांतून राजे, शिकारी, झाडे, घोडे उमटतात. पूर्वी थंड दगडी वाड्यांत असे पडदे लावत. पुढे वाडे गेले, पडदे मात्र उरले. कुणी गोठ्यात टाकले, कुणी त्यांत सामान गुंडाळले. लुईझचे वडील लुई असे फाटके पडदे खेडोपाडी हिंडून गोळा करीत. ते आईकडे येत, धुतले जात, दुरुस्त होत आणि मग पॅरिसच्या बूलव्हार साँ-जर्मेंवरच्या दुकानात विकले जात.

पहिल्या महायुद्धानंतर या कुटुंबाने पॅरिसजवळ आंतोनी या गावी घर घेतले. जवळून बिएव्र नावाची लहानशी नदी वाहत होती. तिचे पाणी लोकर धुण्यास आणि रंगवण्यास सोयीचे. घरातच कारखाना होता. कामावर आलेल्या बायका, मोठमोठे पडदे, रंगवून वाळत घातलेल्या लोकरीच्या लडी आणि या सगळ्यावर देखरेख करणारी आई, अशा वातावरणात लुईझ वाढली. घर आणि कामाची जागा वेगळी नव्हती.

या पडद्यांचा सर्वांत आधी खराब होणारा भाग म्हणजे खालची कड. जमिनीला लागून, ओल धरून ती कुजते. परिणामी चित्रातल्या माणसांचे पाय नाहीसे होतात. धड शाबूत, चेहरा शाबूत, हातात भाला, आणि पाय नाहीत. नाहीसा झालेला भाग पुन्हा विणायचा तर आधी त्याचा आराखडा हवा. तो काढणारा माणूस नेहमी हाताशी नसे. लुईझ दहा-बारा वर्षांची असताना आईने तिला हे काम दिले. ती पाय काढू लागली. माणसांचे, घोड्यांचे. आपण काढलेली रेघ घरातल्या माणसांच्या उपयोगी पडते, तिच्यावरून खरोखर विणले जाते, हा तिचा चित्रकलेतला पहिला अनुभव. इथे बसलेल्या पालकांनी याची नोंद घ्यावी. मुलाचे चित्र फ्रिजवर चिकटवणे चांगलेच. पण त्या आईने चित्र चिकटवले नाही, कामाला लावले.

तिच्या आईच्या कामाची आणखी एक गंमत लुईझ मोठेपणी सांगत असे. या जुन्या पडद्यांवर नागड्या बालदेवता असत. अमेरिकेतले काही गिऱ्हाईक सोवळे. त्यांना ते चालत नसे. मग आई नको तो भाग हलकेच कापून काढी आणि त्या जागी एखादे फूल विणून देई. कापलेले तुकडे मात्र ती फेकत नसे, जपून ठेवी. मला ही आई फार आवडते. तिच्यात धंद्याची समज आहे, गालातल्या गालात हसणे आहे, आणि हाताखालून गेलेली कुठलीही चिंधी वाया न घालवण्याची सवय आहे. ही शेवटची सवय आपल्यापैकी अनेकांनी आपापल्या घरी पाहिली असेल.

व्यवसायाच्या अंगाने इथे एक गोष्ट सांगायला हवी. आज आम्ही वस्त्रांचे जतन करतो तेव्हा गेलेला भाग पुन्हा विणत नाही. मागे आधाराचे कापड लावतो, बारीक रेशमी धाग्याने फाटलेल्या कडा धरून ठेवतो. टाके ओळखू यावेत आणि पुढे कुणाला काढायचे झाले तर निघावेत, असा दंडक आहे. जे गेले ते गेले म्हणून दिसू द्यायचे. जोझेफिनचे रफूकाम नेमके उलट होते. जे गेले ते असे भरून काढायचे की गेले होते हेच कुणाला कळू नये. दोन्हींत कौशल्य लागते. पण घरात ही दुसरी पद्धत वापरली की काय होते, ते लुईझच्या बालपणाने दाखवून दिले.

१९२२ च्या सुमारास मुलांना इंग्रजी शिकवण्यासाठी सेडी नावाची तरुण शिक्षिका घरी राहायला आली. ती दहाएक वर्षे राहिली. वडिलांचे तिच्याशी संबंध होते. आईला ते माहीत होते, आणि आई गप्प होती. जेवणाच्या टेबलावर सगळे एकत्र बसत. वडील मोठ्याने बोलत, थट्टा करीत. आई शांतपणे वाढून देई. बाहेरून पाहणाऱ्याला भोक दिसणार नाही असे ते रफू होते. मुलीला मात्र दिसत होते. आपली शिक्षिका आपल्याला शिकवायला आहे की वडिलांसाठी आहे, आणि आई आपला उपयोग वडिलांवर लक्ष ठेवण्यासाठी करते आहे की काय, असे प्रश्न त्या वयात तिच्यापुढे उभे राहिले. तिचा राग वडिलांवर होता, सेडीवर होता. आईवरही होता, हे विसरून चालणार नाही. आपण मुलांसमोर काही बोललो नाही म्हणजे मुलांना ते कळले नाही, अशी मोठ्या माणसांची एक समजूत असते. लुईझने या न बोललेल्या गोष्टीचा उच्चार जाहीरपणे केला तो १९८२ साली, वयाच्या सत्तराव्या-एकाहत्तराव्या वर्षी. साठ वर्षे ती गोष्ट तिच्याजवळ होती.

आईची प्रकृती महायुद्धानंतरच्या इन्फ्लुएंझाच्या साथीने कायमची ढासळली होती. हिवाळ्यात कुटुंब दक्षिणेकडच्या उबदार हवेत जाई. शाळा सोडून लुईझ आईच्या उशाशी बसे. १९३२ च्या सप्टेंबरात आई गेली. लुईझ वीस वर्षांची होती. तिने सॉर्बोन विद्यापीठात गणिताला नाव घातले, कारण भूमितीतले नियम बदलत नाहीत, कुणी घर सोडून जात नाही. पण थोड्याच काळात गणित सुटले आणि ती चित्रकलेकडे वळली. १९३८ मध्ये वडिलांच्या दुकानाच्या एका भागात ती चित्रे विकत असताना रॉबर्ट गोल्डवॉटर हा अमेरिकन कलेतिहासकार आत आला. त्याच वर्षी लग्न, त्याच वर्षी न्यूयॉर्क.

इथून पुढे मी त्यांना बूर्ज्वाबाई म्हणते. १९४१ संपेपर्यंत बाई तीन मुलग्यांच्या आई झाल्या होत्या. थोरला मिशेल हा फ्रान्समधून दत्तक आणलेला अनाथ मुलगा. त्यानंतर जाँ-लुई आणि अलँ ही दोन मुले पाठोपाठ झाली. युद्ध पेटलेले, माहेर समुद्रापार, पत्रे मिळतील न मिळतील. राहायला फ्लॅट. शिल्पासाठी जागा कुठून आणणार? त्यांनी इमारतीची गच्ची गाठली. तिथे त्या लाकडाच्या तुळया उभ्या करून कोरू लागल्या. उंच, सडपातळ, जेमतेम तोल सांभाळून उभ्या असलेल्या आकृत्या. मागे फ्रान्समध्ये राहिलेल्या माणसांच्या त्या आठवणी होत्या. १९४९ आणि १९५० साली त्या प्रदर्शनात मांडल्या तेव्हा त्यांना चौथरे नव्हते. पाहुण्यांनी भरलेल्या खोलीत माणसे उभी असावीत तशा त्या थेट जमिनीवर होत्या. त्यांतली एक आकृती जाँ-लुईची आहे. मुलाच्या अंगावर न्यूयॉर्कच्या उंच इमारतीसारख्या खिडक्या आहेत. आईचे मूल परक्या शहराचे होत चालले आहे, हे त्या लाकडाच्या तुकड्यात दिसते. महाराष्ट्राबाहेर मुले वाढवलेल्या कुणालाही ते समजावून सांगावे लागू नये.

याच काळातली, १९४५ ते १९४७ मधली, त्यांची चित्रमालिका 'फाम मेझाँ'. शब्दशः 'बाई-घर'. फ्रेंचमध्ये गृहिणीला जे म्हणतात त्यावरची ही कोटी. बाईचे शरीर आहे, आणि डोक्याच्या किंवा धडाच्या जागी घर. खाली उघडे पाय, बाजूने बाहेर आलेले बारीक हात. घर तिला झाकते आहे आणि त्याच वेळी तिचे तोंडही बंद करते आहे. तिला बाहेरचे दिसत नाही. आपले पाय उघडे आहेत हेही तिला कळत नाही. एका चित्रात ती हात हलवते आहे. निरोप देते आहे, मदत मागते आहे की सहज हाक मारते आहे, हे सांगता येत नाही. ही चित्रे काढली तेव्हा फारशी कुणी पाहिली नाहीत. तीस वर्षांनी, १९७० च्या दशकातल्या स्त्री-चळवळीने त्यांना उचलून धरले. १९७६ मध्ये समीक्षक लूसी लिपार्ड यांच्या स्त्रीकलेवरील पुस्तकाच्या मुखपृष्ठावर त्यांतले एक आले. मला विचाराल तर ही चित्रे चळवळीची घोषणा म्हणून पाहू नयेत. तीन लहान मुले झोपल्यावर रात्री काढलेली चित्रे म्हणून पाहावीत. त्यांत तक्रार आहे, थकवा आहे, विनोदही आहे. घर मोडून टाका, असे त्या म्हणत नाहीत. पण घर डोक्यावर घेऊन चालताना मान कशी अवघडते ते त्या नेमके दाखवतात.

१९५१ साली वडील वारले. त्यानंतर १९५३ चे एक प्रदर्शन झाले आणि मग अकरा वर्षे बाईंचे एकही स्वतंत्र प्रदर्शन झाले नाही. मनोविश्लेषणाचे उपचार चालू होते. मध्यंतरी त्यांनी पुस्तकांचे दुकान काढले, ते चालवले, बंद केले. या अकरा वर्षांवर पुष्कळ लिहिले गेले आहे, वडिलांवरच्या रागावर तर त्याहूनही जास्त. समीक्षकांनी वडिलांवर इतकी शाई खर्च केली की आईच्या वाट्याला कमी उरली, अशी माझी तक्रार आहे. बाप हा घाव होता, हे खरे. पण घाव झाला की हातांनी काय करायचे असते, हे ज्या बाईने शिकवले ती आई होती. बाईंनी सुईविषयी म्हटले आहे की सुई ही मोडले-फाटलेले सांधण्यासाठी असते, ती क्षमा मागणारी वस्तू आहे, टाचणीसारखी टोचणारी नव्हे. हे वाक्य मनोविश्लेषकाच्या खोलीतून आलेले नाही. ते आंतोनीच्या घरातून आलेले आहे.

१९७३ मध्ये पतींचे निधन झाले. १९८२ मध्ये न्यूयॉर्कच्या आधुनिक कलासंग्रहालयाने त्यांच्या आयुष्यभराच्या कामाचे मोठे प्रदर्शन भरवले. बाई सत्तर वर्षांच्या होत्या. बहुतेकांच्या आयुष्यात हा समारोपाचा सत्कार ठरतो. बाईंची सर्वांत मोठी कामे यानंतरची आहेत. १९९० च्या सुमारास त्यांनी 'सेल' नावाच्या बंदिस्त खोल्या करायला घेतल्या. जुनी दारे, जाळ्या, काचा यांनी वेढलेल्या जागा, आणि आत खाटा, खुर्च्या, आरसे, दोऱ्याची रिळे. अशाच एका रचनेत श्वाझी गावच्या त्यांच्या अगदी लहानपणीच्या घराची गुलाबी संगमरवरी प्रतिकृती आहे, आणि तिच्या वर टांगलेले गिलोटिनचे पाते. आठवणीतल्या घराला इतके लाडके आणि इतके धोक्याचे एकाच वेळी दाखवणारी दुसरी कलाकृती मला माहीत नाही.

आता कोळ्याकडे येते. बाईंनी पहिला कोळी रेखाटला १९४७ मध्ये. मग जवळजवळ पन्नास वर्षे तो दबून राहिला. १९९५ मध्ये त्यांनी कोळ्यांच्या मुद्राचित्रांची एक पुस्तिका केली आणि तिला आईच्या गौरवगीताचे नाव दिले. आणि १९९९ मध्ये घडला तो 'मामाँ'. नऊ मीटरहून उंच, पोलादाचा, तीन मजली इमारतीएवढा कोळी. २००० साली लंडनचे टेट मॉडर्न संग्रहालय उघडले तेव्हा त्याच्या प्रचंड दालनात तो उभा होता. पुढे त्याच्या ब्राँझच्या प्रती बिल्बाओ, ओटावा, टोकियो अशा शहरांत उभ्या राहिल्या. पोटाखाली जाळीची पिशवी आहे आणि तिच्यात पांढऱ्या संगमरवराची अंडी. आठही पाय जमिनीला टेकतात तिथे सुयांसारखे निमुळते होतात. लोक त्या पायांमधून चालतात, खाली उभे राहून वर पाहतात. आपण आडोशाला आलो आहोत की पिंजऱ्यात, हे पाहणाऱ्याला चटकन ठरवता येत नाही. मांडवही तोच, सापळाही तोच.

आईला कोळी म्हणणे आपल्या कानाला खटकते. आपल्याकडे जाळी-जळमटे दिवाळीच्या आधी कुंच्याने काढायची असतात. एका गोष्टीत मात्र आपण कोळ्याला मान दिला आहे: हरलेल्या राजाने गुहेत पाहिलेला, पुन्हापुन्हा पडून पुन्हा चढणारा कोळी आपल्या सर्वांच्या शालेय वाचनात होता. पण त्या गोष्टीतही कोळी 'तो' आहे. मराठीत कोळी पुल्लिंगी. आणि 'कोळीण' म्हटले की मासळीची पाटी डोळ्यांपुढे येते. फ्रेंचमध्ये कोळी हा शब्द स्त्रीलिंगी आहे, आणि निसर्गाची बाजूही इथे फ्रेंच भाषेकडे आहे, कारण आपण बागेत पाहतो ती चक्राकार जाळी प्रामुख्याने मादीच विणते. ती जाळे फाटले म्हणून चिडत नाही, नव्याने विणते. अशा जातींतल्या पुष्कळ कोळिणी जुने जाळे स्वतःच खाऊन टाकतात आणि त्याच द्रव्यातून नवा धागा काढतात. बाईंनी आईची तुलना कोळ्याशी केली तेव्हा तिचे गुण मोजले होते: हुशार, धीराची, नीटनेटकी, उपयोगी. कोळी डास खातो, माणसाच्या उपकाराचा प्राणी आहे, हेही त्यांनी आवर्जून सांगितले. या यादीत त्याग नाही, वात्सल्य नाही, डोळ्यांतले पाणी नाही. एका कारागिराने दुसऱ्या कारागिराला दिलेले ते प्रशस्तिपत्र आहे. आईविषयीचे इतके आदराचे बोलणे मी क्वचित ऐकले आहे.

टेटच्या त्याच दालनात कोळ्याबरोबर तीन पोलादी मनोरे होते. त्यांची नावे मराठीत सांगायची तर 'मी करते', 'मी उसवते' आणि 'मी पुन्हा करते'. शिवणकाम येणाऱ्या कुठल्याही बाईला ही तीन नावे ऐकून हसू येईल. दिवसभराचे काम याहून वेगळे काय असते?

नव्वदच्या दशकाच्या मध्यावर बाईंनी आपली कपाटे रिकामी केली. आयुष्यभर काही टाकले नव्हते: स्वतःचे झगे, रात्रीचे कपडे, आईचे कपडे, टेबलावरची वस्त्रे. काही कपडे त्यांनी गुरांच्या मोठ्या हाडांवर, हँगरवर टांगावेत तसे टांगले. ती रचना पाहवत नाही आणि विसरवतही नाही. बाकीचे कापायला आणि शिवायला घेतले. २००२ मध्ये, नव्वदी ओलांडल्यावर, त्यांनी कापडाचे एक पुस्तक तयार केले. नाव 'ओद आ लुब्ली', म्हणजे विस्मृतीचे स्तोत्र. त्याची पाने म्हणजे १९३८ च्या लग्नात माहेराहून आलेले, नावाची आद्याक्षरे भरलेले तागाचे हातपुसणे. आपल्या भाषेत रुखवतातले. चौसष्ट वर्षे जपलेल्या त्या कापडावर जुन्या कपड्यांचे तुकडे बसवलेले: पट्टे, चौकटी, वर्तुळे, एकात एक गुंफलेल्या चिंध्या, काही ठिकाणी अगदी कोळ्याचे जाळे. शब्द जवळजवळ नाहीत. पाने शिवून टाकलेली नाहीत. काजे-बटणांनी जोडली आहेत, सुटी करता येतात.

हे पुस्तक म्हणजे फ्रेंच गोधडी, असे म्हणून मोकळे होण्याचा मोह होतो. मी तसे म्हणणार नाही. गोधडी उबेसाठी असते. हे पुस्तक कुणी अंगावर घेणार नाही. पण हातांची चाल तीच आहे. आपल्या घरी आजीच्या मऊ झालेल्या लुगड्याचे बाळासाठी दुपटे होते, दुपट्याचे पुढे गोधडीच्या आतले अस्तर होते, आणि धावदोऱ्याच्या ओळी सगळ्याला धरून ठेवतात. कापड ज्या माणसाचे होते ते माणूस राहत नाही, घडी मोडते, रंग उडतो. वस्त्र मात्र कामात असते. जपून ठेवणे आणि कापून वापरणे या दोन गोष्टी परस्परविरोधी आहेत, असे आमच्या व्यवसायात शिकवतात. दुपटे शिवणाऱ्या बाईला तसे वाटत नाही. बूर्ज्वाबाईंनाही वाटले नाही.

या कामात त्यांच्या मदतीला शिवणकाम करणारी एक बाई होती. तिचे नाव मर्सिडीज कॅट्झ. हे नाव मी मुद्दाम घेते, कारण ते कागदोपत्री राहिले आहे. आंतोनीच्या कारखान्यात जोझेफिनच्या हाताखाली दिवसभर बसून राजांचे आणि घोड्यांचे पाय विणणाऱ्या बायकांची नावे मात्र त्या पडद्यांवर कुठे नाहीत. पडद्यावर नाव असते राजाचे, फार तर मागाच्या मालकाचे.

एक गोष्ट भाषेविषयी, कारण ही मराठी शाळा आहे आणि आपण गुजरातेत बसलो आहोत. बूर्ज्वाबाई न्यूयॉर्कमध्ये सत्तरीहून अधिक वर्षे राहिल्या. लहानपणापासून लिहिलेल्या रोजनिशीत त्या एकाच पानावर फ्रेंचमधून इंग्रजीत जात आणि परत येत. व्यवहार इंग्रजीत, प्रसिद्धीही इंग्रजी जगात. पण लंडनमध्ये उभ्या केलेल्या त्या कोळ्याला त्यांनी 'मदर' म्हटले नाही. 'मामाँ' म्हटले, फ्रेंच लेकराने आईला मारायची हाक. विस्मृतीच्या पुस्तकाचे नाव फ्रेंच, नदीवरच्या पुस्तकाचे नाव फ्रेंच. आपण दिवसभर गुजरातीत भाजी घेतो, हिंदीत रिक्षा ठरवतो, इंग्रजीत नोकरी करतो. मराठी त्यामुळे बिघडते, अशी चिंता या व्यासपीठावरून वारंवार व्यक्त होते. मला ती चिंता थोडी कमी वाटते. रोजनिशीत ठिगळे असली तरी चालतील. हाक कोणत्या भाषेत मारतो ते महत्त्वाचे.

बाईंच्या अखेरच्या वर्षांतली काही चित्रे २००७-०८ च्या सुमाराची. वय शहाण्णव. ओल्या कागदावर लाल रंग सोडून काढलेली: पोटुशी बाई, जन्माला येणारे मूल, दूध पाजणारी आई. रंग पसरत जातो, कडा धरत नाही; रक्त आणि दूध वेगळे राहत नाही. त्याआधी २००३ मध्ये व्हिएन्नाच्या फ्रॉइड संग्रहालयासाठी त्यांनी धाकट्या मुलाच्या जन्मावर एक रचना केली होती, पोटातून बाहेर यायला नाखूश असलेल्या मुलावर. मुलगा तेव्हा साठीत पोहोचला होता! आई होणे हा बाळंतिणीच्या खोलीतला काही दिवसांचा प्रसंग नसतो. साठ वर्षांनंतरही त्याचा हिशेब चालू राहतो. आणि शहाण्णव वर्षांची बाई जन्माची चित्रे काढते तेव्हा ती आई म्हणून काढते की लेक म्हणून, हे मला अजून ठरवता आलेले नाही. दूध पाजणाऱ्या त्या चित्रांत मूल इतके भुकेले आहे, की ते मूल म्हणजे बाई स्वतःच असाव्यात असे वाटते.

आता थोडे आपल्या शाळेविषयी, आणि मी थांबते. हीरक महोत्सवाच्या प्रदर्शनासाठी चित्रकलेच्या दालनात माजी विद्यार्थ्यांनी घरून आणलेल्या गोधड्या, दुपटी, बाळंतविड्यातली टोपडी आणि रुखवतातले भरतकाम मांडले आहे. संयोजकांनी फार मेहनत घेतली आहे. सकाळी मी ते सगळे निवांतपणे पाहिले. एका गोधडीचा धावदोरा इतका समान आहे की मोजपट्टी लावूनही फरक सापडणार नाही. एका दुपट्यावर दुरुस्तीच्या किमान तीन वेगवेगळ्या हातांच्या खुणा आहेत. प्रत्येक वस्तूखाली चिठ्ठी आहे, आणि चिठ्ठीवर ती आणून देणाऱ्याचे नाव आणि दहावीचे वर्ष आहे. शिवणारीचे नाव फार थोड्या चिठ्ठ्यांवर आहे. बाकी ठिकाणी 'आजीची गोधडी', 'आईच्या हातचे' असे लिहिले आहे. आजीला नाव होते. माहेरचे वेगळे, सासरचे वेगळे, अशी काहींना दोन-दोन होती. कापड कुठून आले, कुणासाठी शिवले, कुठल्या साली, दिवसा शिवले की रात्री, हे सांगू शकणारी माणसे आज या सभागृहात बसलेली आहेत. त्यांच्यातल्या काहींचे वय आता ऐंशीच्या पुढे आहे.

मुख्याध्यापिकाबाईंच्या परवानगीने दालनाच्या दाराशी एक टेबल मांडले आहे. कोऱ्या चिठ्ठ्या आणि पेन्सिली ठेवल्या आहेत. शाईचे पेन कृपया वापरू नये, कापडाला डाग पडतो. ज्यांना लिहायला त्रास होतो त्यांच्यासाठी नववीच्या मुली लिहून घ्यायला बसल्या आहेत. प्रदर्शन रविवारी सायंकाळी सहापर्यंत खुले आहे.